आधी ती बैठक पुरी कर

'ताई, मी मिरजेचा, वय २७. मेकॅनिकलची पदवी घेतली, पण गेली तीन वर्षं लग्नांचं शूटिंग करतोय आणि त्या पैशांवर मैफली चित्रित करतोय. मला आता फक्त मैफलीच करायच्या आहेत. वडील म्हणतात, हल्ली प्रत्येकाच्या खिशात कॅमेरा आहे, तुला कोण विचारणार? त्यांना काय सांगावं ते सुचत नाही. दुसरी गोष्ट अशी की, दोन वर्षांपूर्वी एका वयस्कर गायिकेची घरगुती बैठक मी दोन कॅमेरे आणि एक मोबाइल लावून घेतली. आवाज वेगळ्या रेकॉर्डरवर घेतला. चित्र आणि आवाज नंतर जुळवायला खूण म्हणून सुरुवातीला कॅमेऱ्यासमोर क्लॅप, म्हणजे टाळीसारखा ठोका, देतात; तो द्यायचा राहून गेला. नंतर जुळवायला बसलो, तर सुरुवातीला जुळायचं आणि अर्ध्या तासाने ओठ एकीकडे, सूर एकीकडे. वैतागून हार्ड डिस्क कपाटात टाकली. गेल्या वर्षी बाई गेल्या. त्यांच्या मुलीचे दोनदा फोन आले, मी उचलले नाहीत. ज्याला एक बैठक धड पुरी करता आली नाही, त्याने या कामात पडावं का?'
– एक वाचक, मिरज

तुझं पत्र मी तीनदा वाचलं. प्रश्न दोन आहेत, पण करिअरचा प्रश्न वडिलांनी काढला म्हणून वर आलाय. तुझ्या जिवाला लागून राहिली आहे ती कपाटातली हार्ड डिस्क. म्हणून तिथूनच सुरुवात करते.

जानेवारी १९७२. लॉस एंजेलिसमधल्या एका बाप्टिस्ट चर्चमध्ये अमेरिकन गायिका अरेथा फ्रँकलिन लागोपाठ दोन रात्री गॉस्पेल गायली. गॉस्पेल म्हणजे तिकडची चर्चमधली भक्तिगीतं. तिचे वडील धर्मोपदेशक, त्यामुळे लहानपणापासून तिच्या कानावर तेच. चित्रणाला सिडनी पोलॅक होता, तेव्हाच नावारूपाला आलेला दिग्दर्शक. बरोबर बरेच कॅमेरामन, आणि दोन रात्रींत जमलं जवळपास २० तासांचं फुटेज. फक्त क्लॅप द्यायचा राहिला. कॅमेरे अधूनमधून सुरू झाले, अधूनमधून बंद पडले, आणि फिल्म धुऊन आल्यावर चित्राचा कुठला तुकडा गाण्याच्या कुठल्या ओळीचा, याचा पत्ता लागेना. त्या दोन रात्रींची ध्वनिमुद्रिका त्याच वर्षी निघाली आणि अफाट खपली. चित्रपट मात्र डब्यांतच राहिला. पोलॅक २००८ मध्ये गेला, त्याला तो पडद्यावर बघायला मिळाला नाही. पुढे संगणकावर चित्र आणि आवाज जुळवून काम पुरं झालं, तर खुद्द अरेथानेच कोर्टात जाऊन त्याचं प्रदर्शन थांबवलं. ती ऑगस्ट २०१८ मध्ये गेली आणि त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये 'अमेझिंग ग्रेस' लोकांनी पहिल्यांदा पाहिला. मध्ये ४६ वर्षं गेली होती.

तुझ्या हातून जे राहिलं, ते हॉलिवूडच्या अख्ख्या पथकाच्या हातून राहिलं होतं. तरीही तो चित्रपट आज आहे, कारण कुणीतरी ते डबे फेकून दिले नाहीत. तूही डिस्क फेकलेली नाहीस. ती कशी जुळवायची ते शेवटी नीट सांगते, कारण मला वाटतं ती जुळेल. आधी वडिलांच्या प्रश्नाकडे जाऊ.

प्रत्येकाच्या खिशात कॅमेरा आहे, हे त्यांचं म्हणणं अगदी खरं आहे. डिसेंबरात पुण्याला सवाई गंधर्व महोत्सवाला जाऊन बघ. कलाकार स्वरमंचावर आला की शेकडो मोबाइल वर होतात. त्या मोबाइलांत काय येतं? लांबवर एक पांढरा ठिपका, लाउडस्पीकरचा फाटलेला आवाज, समोरच्याचं डोकं, आणि गाणं रंगायला लागायच्या आत हात दुखला म्हणून बंद. मोबाइल हातात असलेल्या माणसाला पुढे काय होणार ते ठाऊक नसतं. जे झालं त्याच्या मागे तो कॅमेरा फिरवतो. तान संपल्यावर गायिकेकडे वळतो, तिहाई, म्हणजे तीनदा घेऊन समेवर येणारा बोल, पडून गेल्यावर तबल्याकडे. आपलं काम आहे ते एक मात्रा आधी तिथे असण्याचं. त्यासाठी सम, म्हणजे तालाच्या फेऱ्यातली पहिली मात्रा, कुठे येणार, हे डोळ्यांआधी कानाला कळायला लागतं.

हे मला कसं कळलं ते सांगते. मी संकलनात नवी होते. एका ख्यालाच्या मैफलीचा पहिला कट मी मोठ्या उत्साहाने बांधला. चार कॅमेरे होते, मग ते वापरायला नकोत का? गायकाचा चेहरा, तबला, पेटी, तंबोऱ्यावरची बोटं, पुन्हा चेहरा. दर चार-पाच सेकंदांना कट. तो बघायला त्या मैफलीत साथीला बसलेले तबलजी आले. सत्तरीचे गृहस्थ, कमी बोलणारे. पाच मिनिटं त्यांनी शांतपणे पाहिलं, मग डोळे मिटले आणि तसेच बसून राहिले. मला वाटलं त्यांना झोप लागली. पण गुडघ्यावर त्यांचं बोट ठेका धरून होतं. बडा ख्याल संपल्यावर डोळे उघडून म्हणाले, "मिटल्यावर बरं ऐकू आलं."

त्या रात्री मी घरी गेले नाही. विलंबित, म्हणजे संथ लयीतल्या एकतालाचं एक आवर्तन, बारा मात्रांचा एक फेरा, जवळजवळ मिनिटभर चालतं, आणि त्या एका मिनिटात मी बारा-तेरा वेळा बघणाऱ्याची मान इकडून तिकडे वळवली होती. तो माणूस समेची वाट कशी बघणार? सगळे कट काढून टाकले आणि एक आवर्तन एकाच शॉटमध्ये ठेवलं. गायकाचा उजवा हात जमिनीपासून हळूहळू वर येतो, शेवटच्या दोन मात्रांवर डोळे तबलजीकडे वळतात, दोघांची नजर भेटते आणि सम. तिथेही मी कट केला नाही. सम पडल्यावर मागे तंबोऱ्यावर बसलेल्या मुलीची मान हलली, ती त्याच चौकटीत होती. चार कॅमेरे लावून मी हेच हरवत होते.

म्हणून माझा पहिला सल्ला कॅमेऱ्याबद्दल नाही. एखाद्या तबल्याच्या क्लासला सहा महिने जा. वाजवता आलं नाही तरी चालेल, पण एकताल, तीनताल, झपताल हातावर मोजता यायला हवेत. तुझ्या गावात सतारी आणि तंबोरे बनतात, जगभरातून लोक ते घ्यायला मिरजेला येतात. त्या कारागिरांपैकी कुणाच्या तरी दुकानात जाऊन जवारी लावताना, म्हणजे तारा घुमाव्यात म्हणून घोडी घासून बसवताना, बघ. तंबोरा बोलायला लागतो म्हणजे काय होतं ते एकदा जवळून ऐकलंस, की मायक्रोफोन कुठे ठेवायचा हे तुला कुणी शिकवावं लागणार नाही.

कॅमेऱ्याने ऐकायचं म्हणजे काय, हे बघायचं असेल तर डी. ए. पेनेबेकर या माणसाचं काम बघ. तुझ्यासारखाच इंजिनिअर. १९६० च्या आसपास त्याने आणि त्याच्या साथीदारांनी १६ मिलिमीटरच्या कॅमेऱ्यांत फेरफार करून ते खांद्यावर घेऊन फिरता येतील आणि आवाजही बरोबरीने जुळलेला राहील, अशी सोय केली. पुढे त्याने जे चित्रित केलं, ते त्या सोयीच्या जोरावर. १९६७ च्या जूनमध्ये कॅलिफोर्नियात मॉन्टेरी इथे तीन दिवसांचा संगीत महोत्सव झाला. पेनेबेकरने आपले कॅमेरामन घेऊन तो टिपला. रॉक गिटारवादक जिमी हेन्ड्रिक्सने गिटार पेटवली ती याच महोत्सवात. पण पेनेबेकरने चित्रपट संपवला तो पंडित रविशंकरांवर. तबल्याला अल्लारखाँ. सतारीचे सूर सुरू होतात आणि कॅमेरा बराच वेळ मंचाकडे जातच नाही. तो श्रोत्यांत फिरतो. कुणी झोपलेलं, कुणी नुसतं बसलेलं, कुणी डोळे लावून ऐकणारं, आणि त्यांच्यातच खाली बसून ऐकणारा हेन्ड्रिक्स. ज्या लोकांना सतार ऐकायची सवय नाही, ते ऐकायला कसे लागतात हे तो दाखवतो आणि मग आपल्याला वादकांपाशी नेतो. तोवर लय वाढलेली असते. जवळपास १८ मिनिटांचा भाग आहे. मी दर वर्षी एकदा बघते.

याच्या उलट घडण जोनाथन डेमी या दिग्दर्शकाची. टॉकिंग हेड्स या बँडचा 'स्टॉप मेकिंग सेन्स' त्याने १९८३ च्या डिसेंबरमध्ये हॉलिवूडच्या पँटेजेस थिएटरमध्ये चित्रित केला. तिथे प्रेक्षक अगदी शेवटाकडे येईपर्यंत जवळजवळ दिसतच नाहीत. गायक एकटा रिकाम्या रंगमंचावर येतो, मग एकेक वादक येऊन मिळतो, आणि डेमी एकेका चेहऱ्यावर थांबतो. एकाने श्रोत्यांपासून सुरुवात केली, दुसऱ्याने त्यांना दूर ठेवलं. दोघांचंही बरोबर, कारण दोघांनी संगीत ऐकून ठरवलं.

डेमीचं नाव आणखी एका कारणासाठी घेतलं. तू म्हणतोस, मला फक्त मैफलीच करायच्या आहेत. डेमीने आयुष्यभर संगीताचे चित्रपट केले, २०१७ मध्ये जाण्याच्या वर्षभर आधीपर्यंत. पण मध्ये त्याने कथापटही केले, दिग्दर्शनाचं ऑस्करही एका कथापटासाठीच मिळवलं. मार्टिन स्कॉर्सेसी हा मोठा दिग्दर्शक आधी 'वुडस्टॉक' या संगीत महोत्सवावरच्या चित्रपटाच्या संकलनाच्या टेबलावर होता, त्याचा 'द लास्ट वॉल्ट्झ' हा मैफलीचा चित्रपट नंतर आला. नुसत्या मैफलींवर घर चालवलेला माणूस माझ्या तरी पाहण्यात नाही. माझंही चाललं नाही. मी मालिका कापल्या, सरकारी माहितीपट कापले, संस्थांचे वार्षिक समारंभ कापले, आणि त्या पैशांतून मैफलींसाठी दिवस काढले. त्यात मला कधी कमीपणा वाटला नाही, तूही वाटून घेऊ नकोस.

लग्नं सोडू नकोस. लग्नात आणि मैफलीत रीटेक नसतो. अंतरपाट पुन्हा धरत नाहीत आणि निसटलेली सम परत येत नाही. कमी उजेड, गर्दी, मध्येच उभे राहणारे नातेवाईक, ऐन वेळी जाणारी वीज, या सगळ्यातून चित्र काढायची सवय तुला लग्नांनीच लावली आहे. मैफलींची कामं येतात ती गुरुकुलांकडून, स्मृतिसमारोहांच्या आयोजकांकडून, अरंगेत्रम (भरतनाट्यमचं पहिलं जाहीर सादरीकरण) करणाऱ्या मुलींच्या आईवडिलांकडून, आणि हल्ली थेट कलाकारांकडून, कारण त्यांना स्वतःच्या चॅनलसाठी चांगलं चित्रीकरण हवं असतं. सुरुवातीला पैसे थोडे मिळतील. थोडे घे, पण फुकट करू नकोस. फुकट केलेल्या कामाला आयोजक वेळ देत नाही, जागा देत नाही आणि ऐन वेळी तुझा ट्रायपॉड खांबाआड ढकलतो.

आवाजाचं शिक्षण मात्र घे. चित्र थोडं हललं तर श्रोता माफ करतो, आवाज फाटला तर उठून जातो. एक उदाहरण देते. एका मोठ्या समारोहात मी साउंडवाल्याच्या मिक्सरवरून सरळ फीड, म्हणजे तिथून निघणारा आवाज, घेतला आणि निर्धास्त झाले. घरी येऊन ऐकते तर तबला जवळजवळ नाहीच. छोटं सभागृह होतं, तबला हॉलमध्ये मुळातच मोठा ऐकू येत होता, म्हणून त्याने मिक्सरवर तो खाली ठेवला होता. त्याचं काम त्याने चोख केलं होतं, चूक माझी होती. तेव्हापासून फीडबरोबर हॉलमध्ये दोन मायक्रोफोन माझे स्वतःचे असतात. ते दाद पण पकडतात. 'क्या बात है' कुठल्या जागेवर आलं, हे मैफलीचा निम्मा इतिहास असतो.

आणि राग संपला म्हणून कॅमेरा बंद करू नकोस. 'द लास्ट वॉल्ट्झ'साठी १९७६ च्या नोव्हेंबरमध्ये सॅन फ्रान्सिस्कोच्या विंटरलँडमध्ये स्कॉर्सेसीने सात कॅमेरे लावले होते. कुठल्या ओळीवर कुणी काय टिपायचं, हे आधीच लिहून काढलं होतं. तरी ब्लूज गायक मडी वॉटर्स गायला आला तेव्हा बाकीचे कॅमेरे फिल्म बदलण्यासाठी थांबलेले. त्या काळी एक रीळ दहा-अकरा मिनिटांत संपायचं. चालू राहिला तो एकटा लास्लो कोव्हाचचा कॅमेरा. सतत येणाऱ्या सूचनांना कंटाळून त्याने हेडफोन काढून ठेवला होता, त्यामुळे थांबायची सूचना त्याला ऐकूच गेली नाही. त्या गाण्याचं चित्र आज आहे ते त्याच्यामुळे. तुझ्याकडे तर तासन् तास चालणारं कार्ड आहे. दोन रागांमध्ये गायिका पाणी पिते, तंबोरे पुन्हा मिळवून घेते, शिष्येला हळूच काहीतरी सांगते. ते सगळं घे.

आता तुझी हार्ड डिस्क.

आधी तिची जशीच्या तशी प्रत दुसऱ्या डिस्कवर काढ, आणि काम त्या प्रतीवर कर. मग तुझ्या पत्रातल्या एका शब्दाकडे बघ, मोबाइल. मोबाइल दर सेकंदाला सारख्याच फ्रेम घेत नाही, उजेडाप्रमाणे त्या कमीजास्त होतात. मला दाट शंका आहे की तुझी निम्मी डोकेदुखी तिथली आहे. हँडब्रेकसारख्या फुकट मिळणाऱ्या सॉफ्टवेअरमध्ये मोबाइलची क्लिप सेकंदाला २५ फ्रेम अशी पक्की करून घे आणि मगच टाइमलाइनवर आण.

त्यानंतर रेकॉर्डरवरचा षड्ज आणि कॅमेऱ्यातल्या कच्च्या आवाजातला षड्ज एकापाठोपाठ ऐक. दोन्ही एकच असतील तर घाबरायचं काही नाही. सूर वर-खाली वाटला, तर सॅम्पल रेटची, म्हणजे यंत्र सेकंदाला आवाजाचे किती नमुने घेतं त्याची, गडबड आहे, ४४.१ आणि ४८ किलोहर्ट्झमधली, आणि ती एका सेटिंगने सुटते. दोन्ही एकच असून अर्ध्या तासाने फरक पडतोय, तर ते दोन यंत्रांच्या घड्याळांमधलं अंतर. तासाभरात दोन-तीन फ्रेमचा फरक सहज पडतो.

क्लॅप नाही म्हणतोस, पण आहे. बैठक सुरू व्हायच्या आधी तबलजीने तबला मिळवला असेलच. हातोडीचा गट्ट्यावरचा, म्हणजे तबल्याच्या वाद्यांखालच्या लाकडी ठोकळ्यावरचा, घाव हा क्लॅपपेक्षा स्वच्छ असतो, चित्रात दिसतो आणि वेव्हफॉर्ममध्ये, म्हणजे आवाजाच्या आलेखात, टोकदार उभा राहतो. तो पकड. दुसरा घाव मधल्या जुळवाजुळवीत शोध, तिसरा भैरवीच्या आधी. तीन ठिकाणी खुंटा रोवलास की मधली दोरी किती सैल पडली आहे ते कळेल.

आणि हे करताना आवाजाला हात लावू नकोस. तो ताणायचा नाही, आवळायचा नाही. त्या गायिकेची लय आणि तिचे सूर आहेत तसे राहू देत. सरकवायचं ते चित्र. एका कॅमेऱ्यावरून दुसऱ्यावर जाशील त्या प्रत्येक जागी नवीन शॉट एक-दोन फ्रेम मागे-पुढे घे, कुणाला कळणार नाही. दोन तासांच्या बैठकीला दोन-तीन आठवडे लागतील. रोज रात्री एक तास बस. तिचा एकेक शब्द तुला शंभर वेळा ऐकावा लागेल, आणि मला वाटतं या कामात पडायचं की नाही, ते त्या तासांमध्ये तुझं तुलाच कळेल. कंटाळा आला तर खुशाल नोकरी धर. पुन्हा रात्र कधी होते याची वाट बघायला लागलास, तर वडिलांना जवळ बसवून एक राग दाखव.

पण गायिकेच्या मुलीला फोन आधी कर, काम पुरं व्हायची वाट बघू नकोस. ती मुलगी चित्रपट मागत नाहीये, आईचा आवाज मागतेय. तो तुझ्याकडे रेकॉर्डरवर अख्खा, स्वच्छ पडलेला आहे आणि तो तू आज देऊ शकतोस. झालेलं खरं सांग. जुळलं नाही म्हणून लाज वाटली, म्हणून फोन घेतला नाही, एवढं सांगितलंस तरी पुरे. पेन ड्राइव्हवर सगळं रेकॉर्डिंग घेऊन स्वतः जा. जमलं तर तिच्याबरोबर बसून थोडं ऐक.

पुढे हे कुठे दाखवायचं असेल तर तिची लेखी संमती घे, तशीच तबला, पेटी आणि तंबोऱ्यावर असलेल्यांचीही. आपल्या कायद्यात सादरीकरणावर कलाकाराचा हक्क ५० वर्षं असतो, पण कायदा नसता तरी विचारायलाच हवं होतं. अरेथाने कोर्टात जाऊन जे थांबवलं, त्याच्या मुळाशी तिची परवानगी हाच वाद होता. मुलगी नको म्हणाली, तर घरच्यांपुरती एक प्रत तिला दे, एक प्रत तुझ्याकडे जपून ठेव, आणि विषय तिथे थांबव.

भैरवीच्या आधीचा तो तिसरा घाव सापडला नाही तर मला लिही. कॅमेऱ्यातल्या आवाजाचा पाच मिनिटांचा तुकडा पाठव, मी बसून शोधते.